वाचकांचे प्रश्न : ओसरी, मुखमंडप आणि अंतराळ

गेल्या काही आठवड्यांत लेणी आणि जुनी देवळे यांविषयी आलेल्या पत्रांपैकी बरीच पत्रे एकाच जागेभोवती फिरत होती : दर्शनासाठी आत शिरण्यापूर्वी आपण जिच्यातून जातो ती पुढची ओसरी, आणि गाभाऱ्यापूर्वीची अरुंद जागा, म्हणजे अंतराळ. त्यामुळे या वेळचा सगळा मजकूर याच विषयाला दिला आहे. ज्या पत्रांत एकच शंका निरनिराळ्या शब्दांत विचारलेली होती, ती एकत्र केली आहेत.

प्रश्न : एकवीरा देवीच्या दर्शनाला आम्ही दरवर्षी कार्ल्याला जातो आणि शेजारचे चैत्यगृहही पाहतो. आत शिरताना ओसरीच्या भिंतींवर हत्ती, जोडप्यांची शिल्पे आणि काही अक्षरे दिसतात, पण गर्दीत सगळेजण थेट आतल्या स्तूपाकडे जातात. या ओसरीत थांबून पाहण्यासारखे नेमके काय आहे? (एक वाचक, अलिबाग)

उत्तर : माझ्या मते कार्ल्यात सर्वांत जास्त वेळ ओसरीतच द्यावा. आतले चैत्यगृह, म्हणजे स्तूप असलेले बौद्ध प्रार्थनागृह, भव्य आहे यात शंका नाही, परंतु ते कोणी, कोणाकोणाच्या पैशाने आणि कोणत्या राजवटीत घडवले हे आपल्याला मुख्यतः बाहेरच्या आणि उंबरठ्याजवळच्या दगडावरच वाचायला मिळते.

ओसरीचे महत्त्व कळण्यासाठी आधी जवळच्याच भाजे लेण्याकडे पाहावे. इसवी सनापूर्वी दुसऱ्या शतकातील या चैत्यगृहाचा दर्शनी भाग आज सताड उघडा दिसतो, कारण तिथली पुढची भिंत आणि दारे दगडात कोरलेली नव्हती, ती लाकडाची होती. लाकूड कधीच नाहीसे झाले आणि ते बसवण्यासाठी खडकात केलेल्या खोबणी मात्र राहिल्या. त्यानंतरच्या बेडसे लेण्यात ओसरी दगडातच कोरली गेली. तिथे समोरचा खडक पूर्ण न काढता एक अरुंद वाट ठेवली आहे, आणि त्या वाटेने पुढे आल्यावर सुमारे 25 फूट उंचीचे खांब एकदम समोर उभे राहतात. खांबांच्या शीर्षांवर घोडे, हत्ती आणि बैल यांच्यावर आरूढ झालेली स्त्री-पुरुषांची जोडपी आहेत. कार्ले त्याही पुढचे, इसवी सनाच्या पहिल्या शतकाच्या आसपासचे. इथे ओसरीच्या पुढे दगडाचा आणखी एक पडदा ठेवलेला आहे : खाली दोन जाड अष्टकोनी खांब, ज्यांना तळखडाही नाही आणि शीर्षही नाही, आणि त्यांच्या वर आखूड खांबांची ओळ. घाटमाथ्याजवळचा पाऊस तिरपा येतो आणि हे लेणे पश्चिमेकडे तोंड करून आहे, तेव्हा पावसाचा मारा आणि दुपारचे ऊन या दोहोंना बाहेरच अडवून मोठ्या चैत्यकमानीतून, म्हणजे दारावरच्या नालाकृती खिडकीतून, आत फक्त निवळलेला प्रकाश जाऊ देणे, हे काम ही पडद्यामागची ओसरी दोन हजार वर्षे करत आली आहे.

आता ओसरीच्या आत उभे राहावे. डावी-उजवीकडच्या भिंतींच्या तळाशी प्रत्येकी तीन हत्ती आहेत, आणि त्यांच्या पाठीवर जणू अनेक मजल्यांची इमारत उभी आहे असे वाटावे अशा रीतीने वरपर्यंत कठड्यांचे आणि चैत्यकमानींचे थर कोरले आहेत. हे हत्ती, तसेच त्यांच्या वरचे व खालचे वेदिकेचे (कठड्याच्या नक्षीचे) पट्टे, इंद्रदेव नावाच्या एका स्थविर, म्हणजे ज्येष्ठ, भिक्षूने दान दिल्याचा लेख तिथेच आहे. ज्याने सर्वसंगपरित्याग केला त्याने हत्तींचे शिल्प दान करावे याचे काहींना आश्चर्य वाटेल, पण त्या काळच्या लेण्यांमध्ये भिक्षू आणि भिक्षुणी यांची नावे दात्यांच्या यादीत वारंवार येतात. डाव्या टोकाशी वैजयंतीच्या भूतपाल नावाच्या श्रेष्ठीचा लेख आहे, आणि त्यात हे शैलगृह जंबुद्वीपात उत्तम असल्याचे त्याने निःसंकोचपणे नोंदवले आहे. वैजयंती म्हणजे आजच्या कर्नाटकातील उत्तर कन्नड जिल्ह्यातले बनवासी. इतक्या दूरच्या सावकाराने मावळातल्या डोंगरात पैसा घातला, यावरून या वाटेवरच्या व्यापाराची कल्पना येते.

दारांजवळचे दोन छोटे लेख मला या सर्वांहून अधिक मोलाचे वाटतात. धेनुकाकट या गावच्या सिंहदत्त नावाच्या गंधिकाने, म्हणजे अत्तरे व सुगंधी द्रव्ये विकणाऱ्या व्यापाऱ्याने, दारापुरते दान दिले. त्याच गावच्या वेणुवासाचा मुलगा सामी याने दार घडवले, आणि तो स्वतःची ओळख ‘वढकी’ म्हणजे सुतार अशी करून देतो. दगडातले दार सुताराने घडवावे, ही बाब भाज्याची लाकडी दर्शनी भिंत डोळ्यांसमोर ठेवून वाचली की पूर्णपणे उलगडते. लाकडात काम करणारे हातच दगडाकडे वळले होते, म्हणून कार्ल्यातल्या दगडी कमानींनाही लाकडी वाशांची टोके दाखवलेली दिसतात.

मधल्या दाराच्या आसपासच्या भिंतीवर राजकीय लेखही आहेत. नहपान या क्षत्रपाचा, म्हणजे शक राज्यकर्त्याचा, जावई उषवदात याने वलूरक येथील, म्हणजे कार्ल्याच्या, लेण्यांत वर्षावासासाठी, म्हणजे पावसाळ्यातील मुक्कामासाठी, राहणाऱ्या भिक्षूंच्या निर्वाहासाठी करजिक हे गाव दिल्याचे एक लेख सांगतो. पुढे सातवाहनांनी क्षत्रपांचा पराभव केल्यावर त्याच गावाविषयीचा आदेश मामाल येथील अमात्याला उद्देशून त्याच ओसरीत कोरण्यात आला. मामाल म्हणजे आपले मावळ. सत्ता बदलली तरी भिक्षूंचे उत्पन्न चालू राहील याची ग्वाही, ज्याला हवे त्याला वाचता यावी अशा ठिकाणी नोंदवली गेली. स्तूपाजवळच्या अंधारात ही अक्षरे कोणाच्या कामी आली असती?

जोडप्यांच्या शिल्पांबद्दल आपण विचारले आहे. दारांच्या मधल्या भिंतीवरची ही मिथुनशिल्पे मूळच्या कामातली आहेत. त्यांच्या आसपास दिसणाऱ्या बुद्धमूर्ती मात्र त्यानंतर काही शतकांनी, महायान पंथाच्या प्रभावकाळात, आधीचे वेदिकेचे नक्षीकाम तासून कोरलेल्या आहेत. नीट पाहिले तर एखाद्या मूर्तीच्या कडेला कापली गेलेली जुनी पट्टी दिसते. ओसरीबाहेर उभा असलेला सिंहस्तंभ अग्निमित्रणक नावाच्या महारठीच्या, म्हणजे त्या काळच्या बड्या सरदाराच्या, दानातून उभारला आहे. एकवीरेचे देऊळ या स्तंभाच्या समोरच्या बाजूला आहे, त्यामुळे पुढच्या खेपेस रांगेत उभे राहिल्यावरही तो आपल्याला पाहता येईल.

प्रश्न : नाशिकच्या पांडवलेण्यांतही ओसरीत लांबलचक लेख आहेत. त्यांत धार्मिक मजकूर आहे की काही वेगळे? (एक शिक्षिका, नाशिक रोड)

उत्तर : प्रारंभी सिद्धम् असे मंगलवचन असते आणि दानाची भावना धार्मिक असते, पण मजकुराचा मोठा भाग आपल्या सातबाराच्या उताऱ्याला आणि बँकेच्या ठेवपावतीला जवळचा आहे.

लेणे क्रमांक 10 च्या ओसरीतील उषवदाताचा लेख घ्या. त्याने नाशिकजवळच्या गोवर्धन येथील विणकरांच्या दोन श्रेणींकडे, म्हणजे व्यावसायिक संघांकडे, मिळून 3,000 कार्षापण (त्या काळची नाणी) कायमची ठेव म्हणून ठेवले : 2,000 एका श्रेणीकडे दरमहा शेकडा एक या व्याजाने आणि 1,000 दुसरीकडे दरमहा शेकडा पाऊण या व्याजाने. मुद्दल परत घ्यायचे नाही, फक्त व्याज वापरायचे. पहिल्या ठेवीच्या व्याजातून या लेण्यात वर्षावास करणाऱ्या वीस भिक्षूंना प्रत्येकी बारा कार्षापणांचे वस्त्र द्यायचे. वर्षाचे व्याज 240 होते आणि वीस भिक्षूंचे बारा-बारा मिळून तेवढेच होतात, म्हणजे हिशेब चोख जुळतो. आपल्या विद्यार्थ्यांना सरळव्याजाचे उदाहरण म्हणून हे अवश्य द्यावे.

लेणे क्रमांक 3 मधील लेख याहून जिवंत वाटतात. सातवाहन राजा गौतमीपुत्र सातकर्णीने आपल्या राज्यवर्षाच्या 18 व्या वर्षी गोवर्धनचा अमात्य विष्णुपालित याला आज्ञा दिली, की पूर्वी उषवदाताकडे असलेले 200 निवर्तने (जमिनीचे जुने माप) शेत भिक्षूंना द्यावे. त्यानंतर 24 व्या वर्षी दुसरी आज्ञा निघाली, आणि तीत स्वच्छ म्हटले आहे की दिलेले शेत कसले जात नाही व ते गाव वसलेले नाही, म्हणून त्याऐवजी 100 निवर्तने दुसरी जमीन देण्यात यावी. दान दिल्यावर त्याचा उपयोग होत नाही हे कोणीतरी वर कळवले, राजसत्तेने ते ऐकले, आणि दुरुस्तीची नोंद आधीच्या आज्ञेच्या जवळच, त्याच ओसरीत झाली. त्याच ओसरीच्या मागच्या भिंतीवर गौतमीपुत्राची माता गौतमी बलश्री हिचा प्रसिद्ध लेख आहे. गौतमीपुत्राचा मुलगा पुळुमावी याच्या राज्यवर्षाच्या 19 व्या वर्षीचा हा लेख नसता तर सातवाहनांच्या इतिहासातले एक मोठे प्रकरण कोरेच राहिले असते. लेख वाचून झाल्यावर बाहेर येऊन जोत्याकडेही पाहावे. दगडी तुळयांखाली खांदे लावून बसलेले यक्ष अख्खी ओसरी उचलून धरत आहेत असे तिथे दाखवले आहे, आणि प्रत्येकाच्या शरीरावरचा ताण शिल्पकाराने मनापासून घडवला आहे.

प्रश्न : मुखमंडप, अर्धमंडप, सभामंडप, अंतराळ हे शब्द माहितीफलकांवर सर्रास येतात, पण प्रत्यक्ष देवळात कोणता भाग कोणता हे कळत नाही. अंबरनाथच्या देवळाच्या आधारे समजावून सांगाल का? तिथे तीन बाजूंनी दारे का आहेत? (एक वाचक, डोंबिवली)

उत्तर : अंबरनाथचे उदाहरण उत्तम आहे, कारण तिथे हे सगळे भाग एकापाठोपाठ एक, फारशी नंतरची भर न पडता, उभे आहेत. कोकणच्या शिलाहार घराण्यातील मम्वाणि राजाच्या काळचा, शके 982 म्हणजे इ. स. 1060 चा शिलालेख या देवळात आहे.

पश्चिमेकडून गेलात तर प्रथम नंदी लागतो आणि मग खांबांवर तोललेली, बाजूंनी मोकळी अशी छोटी ओसरी लागते. हा मुखमंडप. त्यालाच काही ठिकाणी अर्धमंडप आणि काही ठिकाणी मुखचतुष्की म्हणतात. चार खांबांच्या चौरस ओसरीला चतुष्की हे नाव अधिक शोभते. त्यातून दारात शिरलात की भिंतींनी बंद असलेला मोठा चौक, म्हणजे सभामंडप, येतो. सभामंडप आणि गाभारा यांना जोडणारी अरुंद जागा म्हणजे अंतराळ. बाहेरून पाहताना शिखराच्या पुढच्या बाजूला नाकासारखा पुढे आलेला भाग दिसतो, त्याला शुकनास म्हणतात, आणि तो साधारणपणे या अंतराळाच्याच डोक्यावर असतो. त्यामुळे देवळाला प्रदक्षिणा घालतानाही अंतराळ कुठे आहे हे ओळखता येते. अंबरनाथला गाभाऱ्यात जायला पायऱ्या उतराव्या लागतात. मुखमंडपाशी आपण जोते चढून आलेलो असतो, सभामंडपात सपाटीवर चालतो आणि अंतराळानंतर खाली जातो. हा चढ-उतार आणि प्रत्येक टप्प्यावर कमी होत जाणारा उजेड यांची योजना एकत्र केलेली आहे. बाहेरच्या उन्हातून आलेल्या डोळ्यांना मुखमंडपाची सावली, मग सभामंडपाचा मंद उजेड आणि शेवटी समईचा प्रकाश अशी सवय होत जाते, आणि गाभाऱ्यापर्यंत पोचेपर्यंत पिंडी स्पष्ट दिसू लागते. हाच प्रवास उन्हातून सरळ गाभाऱ्यात असा केला तर काही वेळ काहीच दिसणार नाही.

पश्चिमेचा मुखमंडप मुख्य, आणि उत्तर व दक्षिण या बाजूंना आणखी दोन. बंद भिंतींच्या सभामंडपाला हवा आणि उजेड मिळण्याचा हाच मार्ग आहे, आणि गाभाऱ्याची बाजू सोडून उरलेल्या तिन्ही बाजूंना मुखमंडप काढल्याने देवळाचा आराखडा चारही अंगांनी तोललेला दिसतो. सिन्नरच्या गोंदेश्वर मंदिरातही सभामंडपाला असेच तीन मुखमंडप आहेत, फक्त तिथले मुख्य दार पूर्वेला आहे आणि समोर नंदीसाठी स्वतंत्र मंडप आहे. गोंदेश्वर हे पंचायतन, म्हणजे मध्ये मुख्य आणि कोपऱ्यांत चार छोटी देवळे असलेला समूह, असून सगळी देवळे एका रुंद जोत्यावर आहेत, त्यामुळे मुखमंडपात उभे राहिले की कोपऱ्यांतली छोटी देवळे खांबांच्या चौकटीत बसलेली दिसतात. आपल्याला अंबरनाथ आवडले असेल तर सिन्नरला अवश्य जावे. अंबरनाथच्या शिखराचा वरचा भाग आज उरलेला नाही, गोंदेश्वराचे शिखर मात्र चांगल्या स्थितीत आहे, आणि भूमिज पद्धतीचे, म्हणजे छोट्या शिखरांच्या रांगांनी थर चढत गेलेल्या शिखराचे, देऊळ पूर्णत्वाने कसे दिसते ते तिथे कळते.

एक लहानशी बाब याच्याच ओघात. अशा सर्व देवळांना सरसकट हेमाडपंती म्हणण्याची आपल्याकडे रीत आहे, पण यादवांचा मंत्री हेमाद्री तेराव्या शतकातला. अंबरनाथचे देऊळ त्याच्या मंत्रिपदाच्या काळापूर्वी सुमारे दोनशे वर्षे उभे होते.

प्रश्न : मुखमंडपातल्या दगडी बाकांवर बसावे की नाही? आमच्याकडे काही वडीलधारी मंडळी त्याला आक्षेप घेतात. (एक वाचक, फोंडा, गोवा)

उत्तर : ती बाके बसण्यासाठीच आहेत. त्यांना कक्षासन म्हणतात. मंडपाच्या कडेने अर्ध्या उंचीची भिंत असते, तिला वामनभिंत म्हणतात; तिच्या आतल्या अंगाला बसायला सलग कट्टा आणि मागे टेकायला बाहेर झुकलेली पाठ. आपल्याच राज्यातील तांबडी सुर्ला येथील महादेव मंदिरात हे सुरेख पाहायला मिळते. कदंब काळातील, बारा-तेराव्या शतकातले हे काळ्या बेसॉल्टचे देऊळ पूर्वाभिमुख आहे. मंडप तिन्ही बाजूंनी मोकळा आणि प्रवेशही तिन्ही बाजूंनी. पाठीचा तो कल नक्षीसाठी दिलेला नाही. बसल्यावर पाठीचा कणा सहज टेकतो, पावसाचे पाणी आत न वळता बाहेर ओघळते आणि उभ्या भिंतीपेक्षा उजेड जास्त आत येतो. पुराण ऐकणारे, भजनाला आलेले, दुरून चालत आलेले आणि पालखीची वाट पाहणारे अशा सर्वांची सोय त्या एका दगडी कट्ट्यात केलेली आहे.

आपल्याकडच्या वडीलधाऱ्यांचा आक्षेप बहुधा दर्शन घेऊन लगेच पाठ फिरवू नये या भावनेतून आला असावा. उलट, दर्शनानंतर देवळात क्षणभर टेकल्याशिवाय निघू नये हीसुद्धा आपल्याकडची रूढीच आहे, आणि कक्षासने तिच्या बाजूने साक्ष देतात. मात्र दगडावर पाय ठेवून उभे राहणे, कट्ट्यावर नारळ फोडणे आणि पाठीच्या शिल्पांवर शेंदूर-तेल लावणे टाळावे.

प्रश्न : दाराच्या उंबरठ्यावर जी अक्राळविक्राळ तोंडे असतात, ती कोणाची? (एक विद्यार्थी, परभणी)

उत्तर : ती कीर्तिमुखे. उंबरठ्याच्या मधल्या, किंचित पुढे आलेल्या भागाला मंदारक म्हणतात आणि त्याच्या दोन्ही बाजूंस कीर्तिमुखे असतात. उंबरठ्यापुढे जमिनीवर असलेली अर्धगोल शिळा म्हणजे चंद्रशिळा. नजर वर नेली तर चौकटीच्या उभ्या पट्ट्या, म्हणजे द्वारशाखा, दिसतात. त्यांची संख्या बहुधा विषम, तीन किंवा पाच. शाखांच्या पायथ्याशी द्वारपाल किंवा गंगा-यमुना, आणि चौकटीच्या माथ्यावर मधोमध ललाटबिंब, ज्यावर आपल्या भागातील बहुतेक देवळांत गणपती असतो. देऊळ शिवाचे की देवीचे की विष्णूचे, याचा अंदाज गाभाऱ्यात न जाता केवळ चौकट आणि द्वारपालांची आयुधे पाहूनही बऱ्याचदा बांधता येतो. एखाद्या भग्न देवळात मूर्ती उरलेली नसेल तेव्हा हाच पुरावा हाती राहतो, म्हणून चौकटीची छायाचित्रे काढताना शाखांचे पायथे वगळू नयेत.

प्रश्न : खिद्रापूरच्या कोपेश्वर मंदिरातला स्वर्गमंडप हा मुखमंडपच म्हणायचा का? त्याचे छत मध्ये उघडे का? (एक वाचक, इचलकरंजी)

उत्तर : स्थान पाहिले तर होय. देवळाच्या सर्वांत पुढे, बंद सभामंडपाच्या आधी तो येतो आणि सर्व बाजूंनी मोकळा आहे. आकार पाहिला तर मात्र महाराष्ट्रातल्या दुसऱ्या कोणत्याही मुखमंडपाशी त्याची तुलना करवत नाही. एकूण 48 खांब, त्यांतले आतले बारा एका वर्तुळात, त्यांच्यावर तोललेले छताचे वर्तुळ मध्ये मोकळे, आणि त्या मोकळ्या आकाशाच्या बरोबर खाली जमिनीवर तेवढीच गोल अखंड शिळा. काही जणांना वाटते की छत पूर्ण करायचे राहून गेले. मला ते पटत नाही, कारण खालची शिळा आणि वरचे वर्तुळ एकमेकांना इतके अचूक जुळतात की हे मोकळेपण आराखड्यातच होते असे मानणे भाग पडते. यज्ञाचा धूर वर जाण्यासाठी ही योजना होती, असे स्थानिक मंडळी सांगतात.

एरवी मुखमंडपाचे काम ऊन-पाऊस अडवण्याचे असते, आणि इथे शिल्पकाराने त्याच मुखमंडपात ऊन-पावसाला मधोमध जागा दिली. परिणाम असा होतो, की दुपारच्या वेळी उजेडाचा एक गोल जमिनीवर सरकत जातो आणि भोवतीचे खांब, जे इतके गुळगुळीत घोटलेले आहेत की बोट फिरवावेसे वाटते, त्या परतलेल्या उजेडात खालून वर उजळतात. वर्तुळाच्या कडेने वाहनांसह दिक्पाल आहेत. ते ओळखत एक फेरी मारावी आणि मगच सभामंडपात जावे. तिथला अंधार मग अधिकच गडद वाटतो. शिलाहारांनी आरंभलेल्या या देवळात यादव राजा सिंघण याचा शके 1136 चा दानलेखही आहे. कृष्णेच्या पुराचे पाणी या भागात वारंवार येते, तेव्हा पावसाळ्यात जाण्यापूर्वी चौकशी करावी.

प्रश्न : इस्तंबूलच्या हागिया सोफियात आणि ग्रीसमधल्या देवळांतही मुख्य दालनापूर्वी ओसरी दिसली. आपल्या मुखमंडपाशी तिचे काही नाते आहे का? (एक वाचक, लंडन)

उत्तर : उसनवारीचे नाते नाही, गरज सारखी होती. ग्रीक देवळात यज्ञवेदी बाहेर, उघड्यावर असे, त्यामुळे प्रोनाओस ही पुढची ओसरी भाविकांच्या गर्दीसाठी नसून देवाला वाहिलेल्या मौल्यवान वस्तू ठेवण्याच्या कामी येई. अथेन्सच्या पार्थेनॉनमध्ये खांबांच्या मधल्या जागा जाळ्यांनी बंद केलेल्या होत्या आणि इ. स. पूर्व पाचव्या शतकापासून तिथल्या कोषपालांनी दगडावर कोरलेल्या याद्यांत प्रोनाओसमधल्या वस्तूंची नोंद स्वतंत्रपणे येते. नाशिकच्या ओसरीतले ठेवींचे लेख वाचल्यावर त्या याद्या परक्या वाटत नाहीत. हागिया सोफिया इ. स. 537 मध्ये पूर्ण झाले. तिथे नार्थेक्स या नावाच्या एकामागे एक अशा दोन आडव्या ओसऱ्या आहेत आणि आतल्या ओसरीतून मुख्य दालनात नऊ दारे उघडतात, त्यांतले मधले सम्राटासाठी राखीव असे. ख्रिस्ती परंपरेत ज्यांचा बाप्तिस्मा व्हायचा होता त्यांनी विधीच्या मुख्य भागाच्या वेळी नार्थेक्समध्ये थांबण्याची रीत होती. आपल्याकडे ज्यांना गाभाऱ्यापर्यंत जाऊ दिले जात नसे अशांचे दर्शनही बाहेरूनच होई, आणि तो इतिहास ओसरीविषयी लिहिताना झाकून ठेवता येणार नाही. नाशिकच्या काळाराम मंदिरात सर्वांना प्रवेश मिळावा यासाठी 1930 मध्ये डॉ. बाबासाहेब आंबेडकरांच्या नेतृत्वाखाली झालेला सत्याग्रह याच दारांपुढे उभा राहिला होता.

प्रश्न : आमच्या गावात यादवकालीन शिवमंदिर आहे. मुखमंडप जुना आणि लहान असल्याने त्यापुढे सिमेंटचा मोठा सभामंडप बांधून, जुन्या भागाला रंग देऊन व फरशी बसवून जीर्णोद्धार करण्याचे ठरत आहे. काय काळजी घ्यावी? (देवस्थान समितीचे एक सदस्य, सांगली जिल्हा)

उत्तर : आपण काम सुरू होण्यापूर्वी विचारलेत, याबद्दल मनापासून आभार. अशी पत्रे बहुधा काम झाल्यावर येतात.

पहिली गोष्ट कायद्याची. मंदिर केंद्र सरकारचे संरक्षित स्मारक असेल तर 1958 च्या प्राचीन स्मारक कायद्यानुसार, 2010 च्या दुरुस्तीसह, स्मारकाच्या हद्दीपासून 100 मीटरपर्यंत नवे बांधकाम करता येत नाही आणि त्यापुढच्या 200 मीटरपर्यंत परवानगी लागते. राज्य संरक्षित असेल तर राज्याचा 1960 चा कायदा लागू होतो आणि पुरातत्त्व व वस्तुसंग्रहालये संचालनालयाकडे जावे लागते. संरक्षित नसले तरी संचालनालयाच्या आपल्या विभागीय कार्यालयाला पत्र लिहून पाहणीची विनंती करावी.

आता दगडाची गोष्ट. यादवकालीन मुखमंडपाचे दगड बहुधा चुन्याशिवाय, खाच आणि कूस यांच्या जोडाने आणि स्वतःच्या वजनाने एकमेकांवर बसलेले असतात. खांबांवरचे छत त्याच्या भारानेच स्थिर राहते. त्याच्यावर सिमेंटचा स्लॅब किंवा तुळई टेकवली की भाराची सगळी वाट बदलते आणि कधीकधी काही वर्षांनी हस्त (खांबाच्या माथ्यावरचा आधाराचा दगड) किंवा तुळई मधोमध तडकते. नवा मंडप हवाच असेल तर तो जुन्या मुखमंडपाला कुठेही न टेकता, स्वतःच्या पायावर, काही अंतर सोडून उभा करावा, आणि त्याच्या छताचे पाणी जुन्या जोत्याकडे वळणार नाही अशी पन्हळ आधी आखावी.

तैलरंग अजिबात नको. रंगाने दगडाची छिद्रे बुजतात, आतली ओल बाहेर पडत नाही आणि पापुद्र्यांबरोबर नक्षीही सुटते. शिवाय दुसऱ्या-तिसऱ्या थरानंतर मूर्तींचे डोळे, दागिने आणि बोटे रंगाखाली एकसारखी होऊन जातात. आधीच रंग असेल तर वाळूचा मारा करून तो काढू नये, कारण त्या माऱ्याने छिन्नीच्या मूळ खुणा पुसल्या जातात आणि त्या परत आणता येत नाहीत. फरशीविषयी मी विशेष आग्रहाने सांगतो : चार इंच फरशी वाढली की चंद्रशिळा आणि उंबरठ्याची कीर्तिमुखे गाडली जातात, आणि पूर्वी बाहेर जाणारे पावसाचे पाणी दारातून आत वळते. लोखंडी जाळी बसवण्यासाठी द्वारशाखांत भोके पाडू देऊ नका. लोखंड गंजून फुगते आणि दगडाचा कोपरा उडवून देते. सांध्यांत सिमेंट भरण्याऐवजी चुन्याचे काम जाणणारा गवंडी शोधावा.

समितीच्या पुढच्या बैठकीपूर्वी एक काम मात्र आजच करता येईल. मुखमंडपाचा प्रत्येक खांब, छताचा मधला दगड, द्वारशाखांचे पायथे, उंबरठा आणि कुठे अक्षरे असतील तर ती, यांची तिरप्या उजेडात, म्हणजे सकाळी लवकर किंवा सूर्यास्तापूर्वी, शेजारी मोजपट्टी धरून छायाचित्रे काढावीत, आणि जोत्याच्या वरच्या कडेपासून उंबरठ्यापर्यंतची उंची मोजून समितीच्या इतिवृत्तात लिहून ठेवावी. छायाचित्रांची एक प्रत आमच्याकडे पाठवलीत तर अक्षरे वाचून देण्याचा प्रयत्न करू.